मशीन मोजते, आणत नाही!

…नाही, पण मले एक सांगा जी, माझ्या पोरीनं कोणाचं काय बिघडवलं? तीन सोयरिका आल्या अन् तिन्ही अंगणातूनच परत गेल्या! चहा कपात तसाच! अन् काऊन? तर म्हणे, तुमच्या घरामागं भूकंप ठेवला आहे. ठेवला आहे! जसा काही मी बकरा बांधून ठेवला! अहो बाप्पा, ती मशीन भूकंप मोजते, आणत नाही!

तुमाले सांगतो, हे सारं विहिरीपासून सुरू झालं. चोरखमारा तलावाचं पाणी साऱ्या गावाच्या धानाले भेटते, फक्त माझं घरामागचं वावर पडलं चढावर. म्हणून विहीर खोदाले घेतली, तर खाली खडक! दुसरीकडं खोदलं, तिथंही खडक! गावानं पोटभर हासून घेतलं. अन् एक दिवस जीप आली, भूकंपाचा अभ्यास करणाऱ्या मोठ्या सरकारी संस्थेचे साहेब उतरले, खड्ड्यात वाकून पाहिलं अन् म्हणाले, "वा! क्या पत्थर है!" आता माझ्या दगडाले जन्मात कोणी वा म्हटलं नव्हतं… मी पाघळलो. दिली जागा! त्यांनी खोली बांधली, खडकावर मशीन बसवली, भिंतीवर हे एवढ्या अक्षरात 'भूकंप निरीक्षण केंद्र' रंगवलं, अन् जाता जाता मले म्हणतात, "गोवर्धनजी, यहाँ जरा भी हलचल नहीं चाहिए."

हलचल नाही म्हणजे? धानाची मळणी गावाच्या पल्याड! सुशिलाबाई, म्हणजे आमची घरवाली, मिरची कांडाले बसली का मी बोंबलत धावतो. माझ्याच घरात मी मांजरीसारखा चालून राहिलो! अन् वरून आमचा शेजारी बिसराम चौकात बसून सांगते, "सरकार काही येडं आहे का? डॉक्टर कोणाच्या घरी जाते? जो बिमार आहे त्याच्याच ना?" झालं! साऱ्या तालुक्यात फिरलं. पाहुणे येत, भिंत वाचत, अन् खुर्चीवर अर्धेच टेकत, पळाले बरं म्हणून. मी कोणाकोणाले सांगू, मशीन मोजते, आणत नाही!

अन् चौथी सोयरीक आली ती तिरोड्याच्या दुलीचंदजीची. त्यांचा ओमेश अन् आमची गुंजन एकाच कॉलेजात शिकलेले. पोरगी आईजवळ सरळ बोलली होती, "करीन तर याच्याशीच, नाही तर मले विचारूच नका." आता काय करता? दुलीचंदजी म्हणाले, "पोरगी पसंद आहे, पण भूकंप येणार नाही, हे मले त्या साहेबाच्या तोंडून ऐकवा." म्हणून साहेब मशीन तपासाले आले त्याच दिवशी मी पाहुण्यांनाही बोलावलं. चुकलंच माझं!

दुलीचंदजीनं सरळच विचारलं, "साहेब, भूकंप येणार का?"

"बता नहीं सकते."

"म्हणजे नाही येणार?"

"वो भी नहीं बता सकते."

"मग तुमी करता काय?"

"आने के बाद बताते हैं, कितना आया."

"आल्यावर तर माझी म्हैसही सांगते!" अन् दुलीचंदजी उठलेच! दारात गुंजन पोह्याची प्लेट घेऊन उभी, डोळे भरलेले… पण दुलीचंदजी निघाले पाय आपटत, अन् मशीनच्या खोलीत गेलेले साहेब कंप्युटरसमोरून ओरडले, "कौन कूदा?"

दुलीचंदजी थबकले. "मी."

साहेबानं पडद्यावर उडालेली रेघ दाखवली, "ये देखिए, आपका आया."

"माझा? हा माझा?" पुन्हा पाय आपटला. पुन्हा रेघ उडाली! माणूस असा खुलला जी, जसा काही बैलं पळवून शंकरपट जिंकला! मंग त्यांच्या घरच्या निर्मलाबाई पुढं झाल्या, "सरका, माझा पाहू द्या." पदर खोचला अन् मारली उडी! त्यांची रेघ नवऱ्याच्या दुप्पट! "हिचा मोठा कसा?" साहेबानं कपाळाले हात लावला, "पत्थर है, झूठ नहीं बोलता." मंग काका कुदले, मामा कुदले, ओमेश कुदला, अन् त्या कुदण्यातच सोयरीक पक्की झाली! गुंजन हासत होती. लई दिवसांनी हासत होती.

लग्न झालं, पोरगी सुखात आहे. पण व्याही! दर इतवारी अख्खं खानदान घेऊन हजर! मुलगी भेटवाले नाही हो, कुदाले! आज कोणाचा मोठा येते, त्याच्यावर पैज! अन् सोमवारी संस्थेचा फोन, "गोवर्धनजी, आपके यहाँ हर इतवार को भूकंप क्यों आता है?"

आता काय सांगू त्याले? मशीन तर नुसती मोजते साहेब… आणला तर मीच, हात जोडून, हार घालून, वाजतगाजत!