आडोशाची तडजोड

तडजोड कशी करावी, ते आमच्या आईकडून शिकावं! लालबागच्या चाळीत गॅलरीत बाबांनी लाकडी आडोसा ठोकला, म्हणून शेजारच्या परबकाकांनी दावा लावला. तो पाच वर्षं चालला. मग संयुक्त महाराष्ट्राच्या सत्याग्रहात दोघं एकाच कोठडीत पडले आणि तिथेच त्यांचं ठरलं, की आडोसा अर्धा कापायचा. सुटले त्याच दिवशी तारीख होती, म्हणून तसेच ऐटीत कोर्टात गेले.

जज्जसाहेबांनी विचारलं, "कापणार कोण?"

मागच्या बाकावर परबवहिनींशेजारी बसलेली आई उठली. "कापायला उरलंय काय, साहेब? कर्फ्यूत लाकडं मिळेनात. मी नि परबवहिनींनी आडोसा कधीच चुलीत घातला. दोन्ही घरांचा भात त्यावरच शिजला."



साहेब कारकुनाला म्हणाले, "सह्या या बायकांच्या घ्या."