जीप नदीच्या अल्याड

माझा जल्म तारापूरच्या बाजूचा, दर्याकाठचा. बाप दुसऱ्याच्या होडीवर खलाशी होता, आई बोंबील सुकवायची आणि पाटी डोक्यावर घेऊन बोईसरच्या बाजारात विकायची. कोळ्याच्या घरात जल्मलो म्हणजे दर्यावर जायाचं हे ठरलेलंच, पण काय सांगू तुमाला, ताई, मला होडी लागायची. बंदरातून निघालो की पोटात ढवळायचं, जाळं ओढायच्या टायमाला मी आपला आडवा पडलेला. तीन वर्सं बापानं बघितलं, मंग एक दिवस बोलला, हऱ्या, तू जमिनीवरच रहा, माझ्या मागं येऊ नको. हरेश्वर माझं नाव. गावात हऱ्या, आणि पुढं सगळीकडं हरी ड्रायव्हर.

मंग हमाली केली, उमरोळीला गवताच्या वखारीत गाठी बांधल्या, आणि आमच्याकडं विजेच्या कारखान्याचं बांधकाम निघालं तवा खडीच्या ट्रकवर किन्नर, म्हणजे क्लीनर, म्हणून लागलो. तिथं गाडी शिकलो. गाडी कंदी लागली नाय मला, होडी लागायची पण गाडी नाय, याचं माझ्या बापाला मरेपर्यंत नवल होतं. लायसन झालं, आणि एका ओळखीच्या माणसानं सांगितलं की सरकारी दवाखान्याला ड्रायव्हर पाहिजे. तसा मी आरोग्य केंद्राच्या जीपवर लागलो. करड्या रंगाची जीप, मागं ताडपत्री, इंजिनाचा आवाज असा की डोंगराच्या पल्याड ऐकू जायाचा.

पहिली वर्सं चांगली गेली. देवीच्या लशी घेऊन आमी पाड्यापाड्यात फिरलो. मनोरच्या पुढं डोंगरात वारल्यांचे पाडे, रस्ते नाहीत, जिथं चाक अडेल तिथून पायी. लोकं लाजायची, बाया झोपडीत पळायच्या, पण पोरं जीपच्या मागं धावायची. मी त्यांना भोंगा वाजवून दाखवायचो. ती माणसं मला वळखायला लागली. कोणी काकडी द्यायचं, कोणी रानातला कंद.

आता जे सांगतो ते मी लई वर्सं कोणाला सांगितलं नाय. तुमी लिवून घ्या, लपवू नका.

आणीबाणी आली. वरून हुकूम आला की नसबंदीच्या केसी पाहिजेत. डॉक्टरला आकडा, सिस्टरला आकडा, कंपाउंडरला आकडा, आणि ड्रायव्हरलाही आकडा. नाय आणली तर नोकरी जाईल असं तोंडावर सांगितलेलं. मी घाबरलो. मला दोन पोरी, म्हातारी आई, दर्यावर तर मी जाऊ शकत नाय. आणि एक दिवस मनोरच्या बाजारातून येताना रस्त्यात जान्या दिसला. जान्या म्हणजे खडकीच्या पाड्यावरचा, माझ्याहून लहान, शेताचा एक तुकडा, पावसावर पिकेल तेवढं भात नि नागली, बाकीच्या दिवसांत वीटभट्टीवर. त्यानं मला वळखलं नि हात केला. त्याला वाटलं, हरीभाऊ पाड्याच्या वाटेपर्यंत सोडील. मी गाडी थांबवली, बस बोललो, आणि त्याला सरळ नसबंदीच्या कॅम्पात नेला. वाटेत तो मला सांगत होता की त्याच्या पोरीला दात आलेत. एकच पोरगी होती तेव्हा त्याला, बायजी नावाची. कॅम्पाच्या दाराशी दोन शिपायांनी त्याला धरला तवा त्यानं माझ्याकडं बघितलं.  मी स्टेअरिंगवर हात ठेवून समोर बघत राहिलो.

मी नेलेला तो एकटाच नव्हता, आणखी चौघं होते. पण जान्यानं गाडीला हात केला होता.

आणीबाणी सुटली, सरकार बदललं, साहेब बदलले, जीप तीच राहिली. ड्रायव्हर पण तोच. दोन पावसाळे गेले. तिसऱ्या पावसाळ्यात, भात लावून झालं होतं, तवा एक शिक्षक भिजत केंद्रावर आला नि बोलला, खडकीच्या पाड्यावर ओकाऱ्या नि जुलाब लागलेत, तीन माणसं मेली, बाकीची पडलीत. आमचे डॉक्टर नवीन, देशावरचे, वर्सही झालं नव्हतं त्यांना. डिमेलो सिस्टर वसईच्या, जुन्या, बोलायला कडक नि हाताला हलक्या. डॉक्टरांनी जिल्ह्याला फोन लावला, वरून हुकूम सुटले, की ताबडतोब पोचा, विहिरीत पावडर टाका, रोज किती आजारी नि किती मेले ते कळवा, मोठे साहेब पाहणीला येतील. सलाईनच्या बाटल्या मिळाल्या अठरा. आमी निघालो.

नदीवरचा दगडी पूल वलांडून चढ लागला, दुसऱ्या गिअरमधी गाडी रडत रडत वर गेली, आणि पाड्यावर पोचलो तर पाडा रिकामा. चुली गरम. भांड्यात पेज तशीच. कोंबड्या फिरतायत. एका झोपडीत एक म्हातारा मरून पडलेला, बाकी माणूस नाय. डॉक्टर वैतागले. बोलले, हे लोक असे कसे, मरायला टेकलेत नि औषधाला भिऊन पळतात, अडाणीपणाला काय सीमा.  मला राहवेना. मी बोललो, साहेब, ते औषधाला भिऊन नाय पळाले, या गाडीला भिऊन पळाले. डॉक्टर बोलले, गाडीला कशाला भितील. तवा मी उभ्या उभ्या सगळं सांगितलं, जान्याचं पण सांगितलं, कोणाच्या गाडीत बसवला नि कोणी बसवला ते पण.

 डॉक्टर तरणा माणूस, त्यांना हे कागदावरसुदा कोणी सांगितलं नव्हतं. मंग बोलले, आता काय करायचं, तुमीच सांगा. एवढ्या वर्सांत कोण्या साहेबानं मला हे विचारलं नव्हतं. मी बोललो, गाडी मागं नेतो, नदीच्या अल्याड ठेवतो, आणि आपण पायी जाऊ, त्यांना लांबून दिसू दे की गाडी गेली.

तसंच केलं. जीप पुलाच्या अल्याड लावली, बाटल्यांची खोकी डोक्यावर घेतली, एक डॉक्टरांनी, एक मी, सिस्टरनं मीठ-गुळाची पिशवी. पाऊस चालूच. चिखलातल्या पावलांच्या मागानं दोन तास डोंगर चढलो. निसरड्यात डॉक्टर दोनदा पडले, पण खोकं वर धरून पडले, एक बाटली फुटू दिली नाय.

वर मोहाच्या झाडांखाली पानांची खोपटं केली होती त्यांनी. पंधरा-वीस घरांची माणसं, निम्मी आडवी. आणि पुढं जान्या उभा, हातात कोयता. बोलला, हरी ड्रायव्हर, आता काय कापायला आलास. मी खोकं खाली ठेवलं. बोललो, जान्या, माझ्यावर कोयता चालव, मी हलत नाय इथून, पण ही बाई नि हे डॉक्टर त्या वेळी नव्हते, त्यांना काम करू दे. तो बोलला, सुई टोचाल नि आमी मरू, नायतर वांझ होऊ, तुमच्या सुईचा भरवसा नाय. सिस्टरनं समजावलं, डॉक्टरांनी समजावलं, कोणी हलेना. मंग जान्याच बोलला, याला टोचा. एवढी चांगली सुई हाय तर आधी याला टोचा, आमी बघतो मरतो का.

डॉक्टर बोलले, अहो बाटल्या अठराच हायत, चांगल्या माणसाला कशी लावू. सिस्टर बोलल्या, लावा साहेब, ती वाया जाणार नाय. मी बाही वर केली नि मोहाच्या बुंध्याला टेकून बसलो. बाटली फांदीला बांधली. थेंब थेंब पडतंय नि सगळा पाडा माझ्याकडं बघतोय. अर्धा तास. मी बोलत राहिलो, घसा कोरडा पडेपर्यंत बोललो, थंड लागतंय, दुखत नाय, खारं पाणी हाय हे, शरीरातलं गेलेलं पाणी परत भरतंय. जान्या उकिडवा बसून माझा चेहरा बघत होता. डोळा हलवला नाय त्यानं.

त्या अर्ध्या तासात मागच्या खोपटात त्याची आई गेली. आमाला कोणालाच माहीत नव्हतं ती तिथं हाय ते. एक बाई रडत आली तवा कळलं. मी सुई उपटून उठलो. जान्या आत गेला, आईला बघून बाहेर आला, परत आत गेला, आणि बायजीला उचलून घेऊन आला. चारएक वर्सांची असेल, डोळे खोल गेलेले, चामडी चिमटीत धरली तर तशीच राहायची. त्यानं ती माझ्याकडं दिली नाय, सिस्टरच्या मांडीवर ठेवली. बोलला, हिला लावा.

मंग एकेक करून आणली लोकं. तीन दिवस आमी वर राहिलो. जे लई खंगलेले त्यांना बाटली, बाकीच्यांना उकळलेल्या पाण्यात गूळ नि चिमटीभर मीठ, चमच्या-चमच्यानं. सिस्टरनं बायांना शिकवलं, रडताना डोळ्यातलं पाणी खारट लागतं तेवढंच खारट करा, जास्त नको. बाटल्या दुसऱ्या दिवशी संपल्या, मंग चमचाच राहिला. आमी पोचल्यावर आणखी दोघं गेली, आईला धरून तिघं. बाकीची उठली. बायजी दुसऱ्या दिवशी पेज मागायला लागली.

तिसऱ्या दिवशी सगळ्यांना घेऊन खाली पाड्यावर आलो, विहिरीत पावडर टाकली. वास येतो म्हणून कोणी पाणी भरेना, तर पहिली कळशी मीच वढली नि पहिला तांब्या मीच प्यालो. एवढ्यात खालून गाडीचा आवाज. मोठे साहेब पाहणीला आले होते. आवाज ऐकला नि बाया पोरांना काखेत मारून उठल्या. मी चढावरून धावत सुटलो, पुलाच्या तोंडाशी गाडीसमोर आडवा उभा राहिलो. साहेबांनी काच खाली केली, बोलले, कोण तू. बोललो, ड्रायव्हर, साहेब. गाडी इथंच ठेवा, वर चालत चला. ते बोलले, तू मला सांगणार. मी बोललो, हो साहेब, गाडी वर गेली तर तुमाला पाडा दिसेल, माणूस दिसणार नाय, आणि परत पळालेली माणसं मला आणता येणार नायत. मी बाजूला झालो नाय, ताई. साहेबांनी वर पाड्याकडं बघितलं. मंग उतरले, पँट वर दुमडली नि चालायला लागले. त्यांचा ड्रायव्हर माझ्याकडं असा बघत होता की जसा मी वेडा.

पुढं मला कारणे दाखवा नोटीस आली. सरकारी वाहन तीन दिवस रस्त्यावर बेवारस का सोडलं, खुलासा करा. डॉक्टरांनी उत्तर लिवलं, मला वाचून दाखवलं. त्यात एकच वाक्य होतं, वाहन माझ्या हुकमावरून सोडलं आणि पुन्हा अशी साथ आली तर पुन्हा सोडीन. त्याच्यावर काय झालं ते कळलं नाय, पण पुढच्या वर्सापासून आमच्या केंद्रात ठरूनच गेलं की साथीला पाड्यावर जायाचं तर गाडी लांब ठेवायची, आणि पाड्यातलाच एक माणूस नि एक बाई आधीपासून शिकवून ठेवायची. सिस्टरनं दर पावसाळ्याच्या आधी गूळ-मिठाचं शिकवायला फेऱ्या सुरू केल्या. मी पिशवी धरायचो. आणखी साथी आल्या, पण एवढी माणसं एका पाड्यात परत गेली नायत.

जान्यानं मला माफ केलं का, असं तुमी विचाराल. नाय केलं. बाजारात भेटायचा, बघायचा नि पुढं जायाचा. मी त्याला एकदा गाठून बोललो, जान्या, माझं चुकलं. तो बोलला, मला माहीत हाय तुझं चुकलं, तू मला कशाला सांगतोस. बायजीचं लगीन झालं, मला बोलावणं आलं नाय, यायला नकोच होतं. त्याला दुसरं मूल झालं नाय, ते कसं होणार. ही चूक माझी हाय, मी मरेपर्यंत माझ्याजवळच राहणार, आणि त्याला मी रडत बसत नाय. जे करता येईल ते केलं, करत राहिलो.

आता रिटायर होऊन दोन वर्सं झाली. गुडघे गेले. तरी सरकारनं हे पोलिओचे थेंब काढलेत ना, त्या रविवारी मी सकाळीच शाळेच्या ओट्यावर जाऊन बसतो, कोणी बोलावलेलं नाय, पगार नाय. जी घरं येत नायत तिथं चालत जातो, दारात बसतो, तंबाखू काढतो, आधी पावसाचं नि मासळीचं बोलतो. घरातली माणसं हो बोलली तर बरं, नाय बोलली तर पुढच्या वेळी परत जातो. मागच्या रविवारी एक बाई बोलली, आजोबा, तुमी धरा याला, माझ्यानं बघवत नाय, नि तिनं आपलं पोर माझ्या हातात दिलं. मी त्याची हनुवटी धरली, दोन थेंब पडले, एवढं सोपं.

घ्या, चहा गार झाला तुमचा. चारची बस चुकवू नका, नंतर सहापर्यंत गाडी नाय. सुखी रहा, घरी नीट पोचा.