साहेबांचा एकच प्रश्न

आजच्या सेवानिवृत्ती समारंभाचे अध्यक्ष चंद्रप्रकाशजी, व्यासपीठावरचे मान्यवर पाहुणे, सत्कारमूर्ती विद्याधर कर्णिकसाहेब, त्यांच्या शेजारी बसलेल्या नीलाताई, नोंदणी कचेरीतली सगळी मंडळी आणि समोरच्या माझ्या बंधुभगिनींनो,

मी वनमाला. कचेरीबाहेरच्या बाकावर बसून बायकांचे अर्ज लिहून देते. शाळा चौथीपर्यंत, बाकीचं वाचनालयाच्या पुस्तकांतून शिकले. भाषण येत नाही. घडलं ते सांगते.

आतापर्यंत सगळे म्हणाले, साहेबांनी कधी कोणाला 'नाही' म्हटलं नाही. मला म्हटलं होतं. हसा, हसा!

एक्याऐंशी साल. माझे यजमान दशरथ, ते जाऊन तीन महिने झाले होते. मुलुंडला आमच्या दोन खोल्या. जागा घेतली तेव्हा यांना गिरणीतून रजा मिळेना, म्हणून कागद धाकट्या भावाच्या, जयवंतभाऊजींच्या नावावर झाला. सख्खा भाऊ, त्यात काय बघायचं? भिंती मात्र यांनी दर रविवारी स्वतः उभ्या केल्या. आणि एके सकाळी कळलं, भाऊजी त्या खोल्या विकायला कचेरीत गेलेत. हाताला पीठ तसंच, मी धावत पोचले.

"साहेब, हा कागद नोंदवू नका. घर आमचंही आहे."

"बाई, घर कोणाचं ते कोर्ट ठरवेल. तेवढ्यावरून मला नकार देता येत नाही."

"मग या खुर्चीत बसून करता काय?"

"सही करणारा माणूस तोच आहे ना, आणि सही केल्याचं तो कबूल करतो ना, ते बघतो."

काय राग आला म्हणून सांगू! एवढा शिकलेला माणूस, आणि माझं घर जाताना नुसता बघणार? मी तिथेच बसले. भाऊजी आमच्या मालवणीत कुजबुजले, "वयनी, तू हय कित्याक इलंस?"

"बघूक इलंय," मी म्हटलं.

साहेबांनी भाऊजींना विचारलं, "ही सही तुमचीच ना? तुम्ही स्वतः केलीत?" भाऊजींनी टेबलावरचा कागद सरळ केला. खोल्या घेणारे गृहस्थ म्हणाले, "त्यांचीच आहे हो, माझ्यासमोर केली."

"तुम्हाला नाही विचारलं." आणि पुन्हा तोच प्रश्न, त्याच आवाजात.

आपले रतन कारकून म्हणाले, "साहेब, रांग वाढतेय."

"वाढू दे."

भाऊजींनी माझ्या पिठाच्या हातांकडे पाहिलं. मग म्हणाले, "साहेब, कागद परत द्या. माका घराक जावन बोलूचा आसा."

बाहेर पडताना मी साहेबांना विचारलं, "मुद्दाम थांबलात ना?"

"उत्तर येईपर्यंत थांबायला कायद्यात बंदी नाही, बाई."

दुसऱ्या दिवशी मी फूटपाथवरून तो नोंदणीचा कायदा विकत आणला. साहेबांची चूक सापडते का, ते बघायला! महिनाभर वाचला. सापडली नाही. माझा बाकावरचा धंदा तिथून सुरू झाला.

दिवाळीनंतर भाऊजी दुसरा कागद घेऊन आले, निम्मं घर माझ्या नावावर करून देणारा. साहेबांनी तोच प्रश्न विचारला. तो पुरा व्हायच्या आत भाऊजी 'होय' म्हणाले. ते आज तिसऱ्या रांगेत बसलेत. मान खाली घालू नका, भाऊजी. त्या पहिल्या दिवशी 'होय' म्हणणं किती सोपं होतं, ते मला ठाऊक आहे.

साहेब, आमच्या मोरीच्या भिंतीवर, ओल्या सिमेंटात उमटलेला यांचा पंजा अजून आहे. रोज सकाळी मी त्यावर हात ठेवते. तो तुम्हाला दाखवायचा आहे. इतकी वर्षं तुम्हाला नकार द्यायची मोकळीक नव्हती, उद्यापासून आहे. तरी नीलाताईंना घेऊन मुलुंडला जेवायला या. नाही म्हणू नका.

मला इथे बोलू दिलंत, त्याबद्दल अध्यक्षांचे आणि तुम्हा सगळ्यांचे आभार. बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल तर या अर्ज लिहिणारीला सांभाळून घ्या. नमस्कार.