अटकपूर्व जामीन आणि मोटारीची किल्ली

हसू नका, पण अटकपूर्व जामीन मिळाला त्या दिवशी मी पेढे वाटले होते. गुन्हा काय, तर सख्ख्या भावाला चिखलात ढकललं. आमच्या वसईच्या वाडीतली विहीर सामाईक, पण पंपाच्या मोटारीच्या खोलीची किल्ली माझ्याकडे. दादाच्या केळींना मी पाणी कमी सोडतो, यावरून वाजलं, मी त्याला ढकललं आणि त्याने थेट पोलिसांत तक्रार दिली.

तर कोर्टाचा आदेश खिशात घालून मी रुबाबात पोलिस ठाण्यात गेलो. हवालदार म्हणाले, "जामीनदार कुठाय?"

"तो कशाला? जामीन झालाय ना!"

"खाली लिहिलंय, वाचा. जामीनदार आणा, नाहीतर आत बसा."

विरारच्या मित्राला फोन लावला, तर तो अचानक गावी निघाला होता. साडूने तर फोनच बंद करून टाकला. दादा जबाब द्यायला आला होता, समोरच्या बाकावर बसून सगळं ऐकत होता. शेवटी तोच उठला.

"सायेब, मी ऱ्हातो जामीन."

"अहो, तुम्ही फिर्यादी!"

माझे डोळे भरून आले. शेवटी रक्ताचंच माणूस धावून येतं, असं मनात आलं. तेवढ्यात दादा म्हणाला, "याला आत बसवलात तर वाडीला पानी कोन सोडनार? किल्ली तर हा बायकोलापन देत नाय."

मी गुपचूप डोळे पुसले. किल्ली अजून माझ्याच खिशात आहे.