थोडा आवाज करणारं दाखवा

नाही हो, हे नको. हे तर चालू आहे की बंद तेच कळत नाही – तीच खासियत आहे? असेल. एअर प्युरिफायर घेताना सगळी ऑफिसं बिनआवाजाचा मागतात, हेही खरं असेल, तुम्ही विकता, तुम्हाला माहीत. पण मला जरा घरघरणारा दाखवा. – थट्टा नाही करत. आणि हळू बोला, भिंतीला कान असतात म्हणतात, हे तर नुसतं प्लायचं पार्टिशन आहे. वर बघा ना, छतापर्यंत गेलेलंच नाही. एसी एकच, दोन्हीकडे गार वारा जावा म्हणून वर हातभर जागा सोडली. वारा जातो तसं बोलणंही जातं. – पलीकडे कोण? आमचे शेजारी. – काय म्हणालात, वरून उघडं आहे म्हणजे माझ्या बाजूचं माप घेऊन भागणार नाही, अख्ख्या हॉलचं मशीन लागेल? बघा, कोर्टाने हॉलचे दोन भाग करून दिले, पण हवेला कुणी निकाल वाचून दाखवलाच नाही! – हो, कोर्टच. शेजारी कसले, नवरा होता माझा. असं तोंड पाडू नका हो, तुम्हाला काय ठाऊक.

लोकांची स्वयंपाकघरं डिझाइन करून देतो आम्ही. म्हणजे आधी दोघं मिळून द्यायचो, आता आपापली. ओटा किती उंच हवा, दोघं एकदम आत शिरली तर एकमेकांना कोपर लागू नये – असलं सगळं. दुसऱ्यांची घरं मांडता मांडता आमचं मोडलं, असं लोक म्हणतात, आणि म्हणायला सोपंही आहे ते. मोठं काही घडलं नव्हतं. इथलं भांडण घरी न्यायचो, घरचं इथे आणायचो, एवढंच. वाटणीत ड्रॉइंगं त्याच्याकडे गेली, नमुने माझ्याकडे आले – ही भिंतभर लॅमिनेटं, आणि ती चिकटवायचं हे सोल्युशन. नाकात जातंय ना? मला सवय झाली. त्याला नाही सोसत, दमा आहे. – ऐकलंत? तोच खोकतोय. सकाळपासून चाललंय. खिडकी माझ्या वाटणीला आली, ती उघडते मी, पण खालचा रस्ता म्हणजे आगीतून फुफाट्यात. – म्हणजे मशीन त्याच्यासाठी घेतेय? छे! माझ्या गिऱ्हाइकांना वास येतो म्हणून. लिहा, गिऱ्हाइकांसाठी.

हे मोठं लावून दाखवा. ऑटो म्हणजे काय? – स्वतःच ठरवतं, जोर कधी लावायचा आणि गप्प कधी बसायचं? शहाणं आहे, आमच्यात तेवढं कुणी नव्हतं. दाबा. थांबा, सोल्युशनचा डबाच उघडते, परीक्षा तरी होऊ दे. – अगं बाई, दिवा लाल झाला! केवढं घोंघावतंय! हेच, अगदी हेच पाहिजे होतं मला. झाकण लावते. – काय? मोठ्याने बोला, ऐकू नाही येत! म्हणजे पलीकडेही काही ऐकू जाणार नाही, नाही का? हुश्श. बसा.

आता सांगते आवाज कशाला. दुपारी जेवायच्या वेळी तो फोन लावतो. कुणाला, ते माहीत आहे मला. आणि विचारतो काय? ‘जेवलीस का?’ बस्स, एवढंच! लाडीगोडी ऐकून घेतली असती हो, दात-ओठ खाऊन, पण जेवलीस का! मला कधी विचारलं नाही त्याने – विचारणार कसा, समोरच बसलेली असायचे, एका डब्यातलं खायचो. कळतं मला. तरी घास तोंडात फिरत राहतो. मग मी नळ सोडते, खुर्च्या ओढते, एकदा तर उगीच ड्रिल चालवलं, ती बघा भोकं. – हसा, हसा, मीही हसते. ती? चांगली आहे म्हणतात. तिच्यावर राग धरायलासुद्धा काही नातं लागतं, ते मी सही करून सोडलं. बहीण म्हणते, जागा बदल. एजंट जागा दाखवतो आणि मी नाकं मुरडते – उजेड नाही, पार्किंग नाही. उजेड कसला नि पार्किंग कसलं! तिथे पलीकडून हा खोकणार आहे का? त्याचं खोकणं वाढलं की माझा हात कामावरून उठतो, आणि थांबलं की जीव खाली-वर होतो, की आज आला नाही की काय! म्हणजे ऐकवतही नाही आणि ऐकल्यावाचून राहवतही नाही – असलं गिऱ्हाईक भेटलं नसेल तुम्हाला! डोकं फिरलंय बाईचं, म्हणा खुशाल! अहो, डबा भरताना अजून दोघांचं हाताला येतं, मग संध्याकाळी तेच उरलेलं खात बसते एकटी! सही काय, हाताने केली, मन कुठे गेलं होतं सहीला? मला तो हवाय अजून! भांडायलासुद्धा तोच हवाय! दुसरं कुणी नकोच मला, तोच हवाय, मी –

– हे कधी थांबलं?

तुम्ही बंद केलंत? – आपोआप? हवा साफ झाली, म्हणून गप्प झालं. आधी सांगायचं नाही का हो? – हो. सांगितलं होतंत. मीच म्हटलं, दाबा. पण मी किती मोठ्याने बोलत होते? शेवटचं... शेवटचं गेलं असेल का पलीकडे? खाली नका बघू. सांगा ना.

श्श. खोकतही नाहीये. – खुर्ची सरकली. उठला. पावलं त्याचीच आहेत ही, घासत चालतो तो. इकडेच येतायत. काही बोलू नका, हलू नका. – थांबली. आपल्या दाराबाहेरच थांबलाय.

– नाही. गेला. जिना उतरतोय.

नको, पाणी नको. बरी आहे मी. मशीनचं काय करू? ठेवा नाहीतर घेऊन जा, मला आत्ता काही विचारू नका हो. निघा तुम्ही. – अहो, दार! लोटू नका ते. उघडंच राहू दे.