पुलावरची फुंकर
अगं, शाहीन आपाच्या प्रोजेक्टचं ऐकलंस का? माझी मोठी बहीण, नांदेडला इंजिनिअरिंगला आहे. यात नापास झाली तर तिचं वर्ष जाणार होतं.

प्रोजेक्टमधला तिचा पूल म्हणजे पातळ लोखंडी पट्टी, खाली चिकटवलेला काचेचा धागा. धाग्यातल्या बारीक रेषा प्रकाशाचा एकच रंग परत पाठवतात. पूल वाकून धागा ताणला की तो रंग सरकतो आणि कॉम्प्युटरवरची रेघ चढते. खऱ्या पुलांवरही असंच लावतात.

आपाच्या मदतीला मीही गेले होते; परीक्षा घ्यायला आलेल्या सरांना मी चहा दिला. टेबलावर जागा नव्हती, म्हणून त्यांनी गरम कप पुलावरच ठेवला. रेघ चढली.

"बघा सर, वजन," आपा खुशीत म्हणाली.

सरांनी कप उचलला. रेघ उतरेना.

"आता कशाचं वजन हाय, बाई?"

आपा वायरी चाचपायला लागली. मला तर लोकांत बोलताच येत नाही, म्हणून मी वाकून पट्टीवर फुंकर मारली. रेघ उतरली.

"ही काय करून राहिली?"

"पट्टी तापली होती, सर," मी कशीबशी म्हणाले. "तापल्यावरही रंग सरकतो."

"मग खऱ्या पुलावर उन्हाळ्यात कोण फुंकतं?"

"तिथं शेजारी ताण नसलेला दुसरा धागा ठेवतात," आपाला एकदम वाचा फुटली. "तो फक्त तापतो, त्याच्यावरून उन्हाचा हिस्सा वजा करायचा."

"पास," सर म्हणाले, आणि कप परत पुलावर ठेवून, उचलून, स्वतःच फुंकायला लागले.