संदर्भ क्रमांक तीन

प्रणिता: तू लिहिलेलं चौथ्यांदा काढलं, मामा. आता परत टाकलंस तर ज्ञानकोशावरचं तुझं खातं बंद होईल.

हैबतराव: नेटवरचा ज्ञानकोश सगळ्यांचा, कुणीपण लिवावं. तूच शिकवलंस ना गो?

प्रणिता: लिहावं. पण सर्पदंशाच्या लेखात ‘पेण तालुक्यात हैबतरावांकडे जावे’ असं नाही.

हैबतराव: खाली संदर्भ दिलाय.

प्रणिता: वाचते. संदर्भ एक, ‘हैबतराव’. संदर्भ दोन, ‘वरीलप्रमाणे’. संदर्भ तीन, ‘जगन, मिठागर, दोनदा चावलेला’.

हैबतराव: जगन खोटं बोलत नाय.

प्रणिता: आजारपणाच्या लेखात एकट्याचा अनुभव चालत नाही. शेकडो रुग्णांचे अभ्यास तपासून लिहिलेला लेख लागतो. नाहीतर आरोग्य संघटनेची पुस्तिका.

हैबतराव: त्यांना किती वेळा चावलाय?

प्रणिता: कुणाला?

हैबतराव: संघटनेला.

प्रणिता: आणि हे दुवे! ‘साप’ला अकरा वेळा दुवा. एकदाच द्यायचा असतो. ‘माणूस’ला कशाला दिलास?

हैबतराव: एखाद्याला ठाऊक नसला तर?

प्रणिता: ‘उतारा’वर टिचकी मारली की पोपटदादाची कोलाडची खानावळ उघडते.

हैबतराव: विष उतरल्यावर भूक लागते.

प्रणिता: मामा, चेष्टा नको. मी रोह्यात नर्स आहे, रोज बघते. गेल्या महिन्यात नागोठण्याची एक बाई आली. आधी कुणीतरी चार तास मंत्र घालत बसवलेली. जगली, पण किडन्या गेल्या.

हैबतराव: माझ्याकडं नव्हती आलेली. चाळीस वर्षांत माझ्याकडं एक दगावला नाय. ही वही बघ.

प्रणिता: ‘शांती. दिवड. बरी.’ ‘कमळाकर. धामण. बरा.’ ‘मिथुन. दिवड. बरा.’ ‘धोंडुबाई. काटा.’ काटा?

हैबतराव: करवंदीचा. तिला वाटलं साप. दोन दिवस डोळे मिटून पडलेली. ती पण बरी झाली.

प्रणिता: अरे, या सगळ्या बिनविषारी!

हैबतराव: पण बरी झाली का नाय?

प्रणिता: थांब. ‘प्रविण. घोणस. विठूची रिक्षा.’ ‘दिपिका. मण्यार. विठूची रिक्षा.’ ‘ऋत्विक. नाग. विठूची रिक्षा, पळव.’ म्हणजे विषारी निघाला की तू सरळ दवाखान्यात पाठवतोस?

हैबतराव: मग काय, मारू त्यांना?

प्रणिता: मग तेच का नाही लिहिलंस लेखात?

हैबतराव: तेच लिवलं तर माझ्या ओट्यावर कोण येईल?

प्रणिता: बरं. आणि साप कुणी बघितलाच नाही तर?

हैबतराव: जखम बघून अंदाज घ्यायचा.

प्रणिता: कधी चुकलाय?

हैबतराव: अजून नाय.

प्रणिता: लेख वाचून माणगावातला माणूस इथं यायला निघेल. वाटेत त्याला दोन दवाखाने लागतील आणि तो थांबणार नाही. तुझं नाव वाचलंय ना त्यानं.

हैबतराव: …एवढ्या लांबनं कशाला येतो तो?

(गावातल्या अनिताची मुलगी अपेक्षा धावत ओट्यावर येते.)

अपेक्षा: हैबतआजा, आईच्या पायाला चावला! बंधाऱ्यावर. अर्धा तास झाला. साप दिसलाच नाय. आणू का तिला इथं?

हैबतराव: कुठाय ती?

अपेक्षा: पारापाशी बसवलीय.

हैबतराव: तिथंच राहू दे. चालवू नको. विठूला सांग, रिक्षा घेऊन ये.

अपेक्षा: तू बघणार नाय?

हैबतराव: नाय गो. हे मला कळायचं नाय. प्रणिता, तू रिक्षात मागं तिच्याजवळ बस, पाय हलू देऊ नको.

प्रणिता: कुणी पायाला काही बांधू नका, कापू नका. मी पुढं फोन करते, इंजेक्शन तयार ठेवतील. तू कुठं निघालास?

हैबतराव: मी विठूच्या बाजूला बसतो. नाक्यावर लोक गाडी अडवून विचारतात, आधी हैबतकडं नेली का म्हणून. मी दिसलो की सोडतील.